मलिक अंबर : एक माणूस, दोन चित्रे

१/९
दोन चित्रे. दोन्ही मोगल दरबारातील, दोन्ही जहांगीरच्या काळातील आणि दोन्हींचा विषय एकच : आफ्रिकेत जन्मलेला, गुलाम म्हणून विकला गेलेला आणि पुढे निजामशाहीचा सर्वेसर्वा झालेला मलिक अंबर. एका चित्रात त्याचे शिर भाल्यावर टोचलेले आहे. दुसऱ्यात तो ताठ उभा आहे. या दोन चित्रांमधील अंतराची ही कथा.

२/९
अंबरचा जन्म इ. स. १५४८ च्या सुमारास इथिओपियात झाला. मूळ नाव चापू. लहानपणीच विकला गेलेला हा मुलगा मोखा, बगदाद असे बाजार ओलांडत दख्खनेत पोहोचला. अहमदनगरचा पेशवा चंगीझखान याने त्याला विकत घेतले. हा चंगीझखान स्वतःही हबशी, म्हणजे अबिसिनियातून आलेला होता.

३/९
या भूमीला हबशी नवखे नव्हते. पनवेल ज्या रायगड जिल्ह्यात आहे, त्याच जिल्ह्यात मुरूडच्या समुद्रात जंजिरा उभा आहे. तेथील सिद्दी सत्ताधीशही आफ्रिकी वंशाचेच. त्यांचे संस्थान १९४८ मध्ये विलीन झाले. गुलामीतून सैन्यात आणि सैन्यातून सत्तेत जाणाऱ्या या वाटेवर अंबर फार पुढे गेला.

४/९
१६०० मध्ये मोगलांनी अहमदनगरचा किल्ला घेतला. अंबरने दुसऱ्या मूर्तझा निजामशहाला गादीवर बसवून राज्य पुन्हा उभे केले. १६१० मध्ये त्याने खडकी वसवली. तेच आजचे छत्रपती संभाजीनगर. तेथे त्याने नहरीने पाणी खेळवले, जमीनमहसुलाची घडी बसवली आणि मराठा सरदारांना सोबत घेऊन गनिमी काव्याने मोगलांना जेरीस आणले.

५/९
जहांगीरच्या आत्मचरित्रात अंबरच्या वर्णाचीच शिवी झालेली दिसते. १६१६ च्या सुमारास अबुल हसनने हाच राग रंगवला. बादशहा पृथ्वीगोलावर उभा आहे. गोलाखाली बैल, बैलाखाली मासा. समोर भाल्यावर अंबरचे शिर, त्यावर अशुभसूचक घुबड, आणि बादशहा त्या शिरावर बाण सोडत आहे.

६/९
प्रत्यक्षात असे कधीच घडले नाही. अंबर जहांगीरच्या हाती लागला नाही. १६२४ मध्ये भातवडीच्या लढाईत त्याने मोगल आणि आदिलशाही अशा संयुक्त फौजेचा पराभव केला. शहाजीराजे त्याच्या बाजूने लढले. १६२६ मध्ये वृद्धापकाळाने त्याचा मृत्यू झाला. अबुल हसनचे चित्र ही घटनेची नोंद नसून बादशहाची इच्छा आहे.

७/९
दुसरे चित्र हाशिमचे, १६२० च्या सुमारास काढलेले. हाशिमची घडण दख्खनेत झाली आणि पुढे तो मोगल दरबारात गेला, असे कला-अभ्यासक मानतात. एका बाजूने दिसणारा चेहरा, थोराड देह, साधा पांढरा पोशाख. बड्या उमरावांची चित्रे याच पद्धतीने काढली जात. अंबरशी लढलेला अब्दुर्रहीम खानखानान आणि विजापूरचा इब्राहीम आदिलशहा हेही हाशिमने रंगवले. शत्रूला त्याने त्यांच्याच पंक्तीत बसवले.

८/९
ही दृष्टी दख्खनेत पुढेही दिसते. १६४५ च्या सुमारास विजापूरच्या हैदर अली आणि इब्राहीम खान यांनी काढलेल्या चित्रात सुलतान मुहम्मद आदिलशहा हत्तीवर आहे आणि त्याच हत्तीवर, त्याच्या मागे, हबशी वजीर इखलासखान. दोघांचे वर्ण वेगळे आहेत आणि चित्रकारांनी ते लपवलेले नाहीत.

९/९
अंबरच्या मृत्यूनंतर मोगल इतिहासकार मुतमदखानानेही त्याच्या युद्धकौशल्याची आणि कारभाराची थोरवी मान्य केली. आज अबुल हसनचे चित्र डब्लिनमध्ये, हाशिमचे लंडनमध्ये, तर अंबरची कबर खुलताबादेत आहे. ‘अंबरचा शिरच्छेद’ म्हणून पहिले चित्र कोणी दाखवले, तर दोन सनावळ्या पुरेशा आहेत : चित्र १६१६ च्या सुमाराचे, मृत्यू १६२६ चा.