आदिवासी बालकाचा विचारविकास : कोसबाडचा प्रयोग आणि नंदुरबार

ताराबाई मोडक यांनी १९४५ मध्ये बोर्डी येथे ग्रामीण बालशिक्षणास प्रारंभ केला. पुढे अनुताई वाघ यांच्या साथीने हे कार्य कोसबाडला स्थिरावले. महागड्या माँटेसरी साधनांची जागा तेथे खडे, शंखशिंपले व बियांनी घेतली. साधारणतः सात ते अकरा या वयात मूल मूर्त वस्तूंच्या आधारे तर्क करते, असे पियाजेचे प्रतिपादन आहे. गुरे राखणाऱ्या मुलांसाठीच्या कुरणशाळेचा विचार त्याच्याशी जुळणारा होता. मात्र वस्तूला नावही लागते. १९९८ मध्ये धुळ्यातून वेगळ्या झालेल्या नंदुरबार जिल्ह्यात भिली, पावरी वा मावची बोलणाऱ्या बालकाला शाळेत भेटते ती प्रमाण मराठी. बियांची वाटणी अचूक करणारे मूल शाब्दिक उदाहरणात अडल्यास त्याचे मौन बुद्धिमांद्याचे लक्षण मानणे, हे प्रस्तुत लेखकास अशास्त्रीय वाटते.