चूक जाते कुठे? कृष्णचंद्र भट्टाचार्य आणि अमळनेरची दोन वर्षं

विज्ञानाचं तत्त्वज्ञान म्हटलं की व्हिएन्ना, केंब्रिज अशी नावं पुढे येतात. रावेरात बसून अमळनेरचं नाव कुणी घेत नाही. भुसावळला गाडी बदलून सुरतेच्या लाईनीवर लागणारं हे गाव आपल्याला ठाऊक असतं ते साने गुरुजींमुळे, प्रताप मिलमुळे, फार तर विप्रोमुळे. पण १९३३ ते १९३५ या काळात तिथे एक बंगाली गृहस्थ संचालक म्हणून होते, आणि त्यांनी उभा केलेला एक प्रश्न आम्हाला अजून सुटलेला वाटत नाही.

आधी संस्थेविषयी थोडं. गिरणीमालक श्रीमंत प्रतापशेठ यांनी १९१६ साली अमळनेरला तत्त्वज्ञान मंदिर काढलं. कापसाचा पैसा वेदान्ताच्या अभ्यासाला लावणारा व्यापारी आजच्या हिशेबात बसत नाही, पण तो काळ तसा होता. शंकराचार्यांचं अद्वैत हा संस्थेचा मुख्य कल. साने गुरुजीसुद्धा अमळनेरला आले ते या मंदिरात तत्त्वज्ञान शिकायला. शाळेत ते नंतर गेले. १९२५ पासून संस्थेने 'फिलॉसॉफिकल क्वार्टर्ली' हे इंग्रजी त्रैमासिक चालवलं. घनश्यामदास मलकानी, रासविहारी दास आणि टी. आर. व्ही. मूर्ती या तिघांनी १९३३ मध्ये मिळून एक पुस्तक लिहिलं, त्याचं नावच 'अज्ञान'. ज्ञानावर पुस्तकं पुष्कळ असतात. अज्ञान म्हणजे नेमकं काय, यावर तिघांनी मिळून पुस्तक लिहावं, असं हे ठिकाण.

कृष्णचंद्र भट्टाचार्य यांचा जन्म १८७५ चा, श्रीरामपूरचा. १९०१ साली त्यांना कलकत्ता विद्यापीठाची प्रेमचंद रायचंद शिष्यवृत्ती मिळाली. हे प्रेमचंद रायचंद मुंबईचे कापूस-सम्राट. म्हणजे या माणसाच्या विद्येला दोनदा आपल्या बाजूच्या कापसाचा हात लागला! पुढे बंगालच्या सरकारी कॉलेजांत नोकरी, १९३० साली निवृत्ती. त्याच वर्षी त्यांचं 'द सब्जेक्ट अॅज फ्रीडम' हे पुस्तक अमळनेरच्या संस्थेने छापलं. १९३३ ला ते स्वतःच इथे आले, आणि १९३५ ला कलकत्ता विद्यापीठाच्या पंचम जॉर्ज अध्यासनावर गेले. दोनच वर्षं.

आता प्रश्न. त्यांचा एक निबंध आहे, 'द फॉल्स अँड द सब्जेक्टिव्ह', १९३२ चा. त्याचं म्हणणं एका वाक्यात असं: खोटं ठरलेलं आणि जाणणाऱ्याचं असं जे काही, ते एकमेकांवाचून कळत नाही. वेदान्तात यासाठी दोरी आणि साप असतात. आपण रावेरचे, आपण केळीवर बोलू.

बागेत पानावर पिवळे पट्टे दिसले. शेतकरी म्हणाला, झिंक कमी पडलं. म्हणणं चुकीचं नाही, झिंकच्या कमतरतेनेही पट्टे येतात. फवारणी केली, थांबला. मग पोंगा सडायला लागला, शेजारच्या झाडांवरही तेच. तेव्हा कळलं की हा हरण्या, म्हणजे सीएमव्ही. मावा तो पसरवतो आणि झाड उपटून नष्ट करण्याखेरीज इलाज नाही. खर्च गेला, दिवस गेले, रोग पसरला.

आता सांगा, ती झिंकची कमतरता गेली कुठे? मातीत ती नव्हती, पानात नव्हती. जगात कुठेच नव्हती. पण काहीच नव्हतं असंही म्हणता येत नाही, कारण तिच्यावर फवारे मारले. ती होती फक्त 'मला वाटलं' यात. आणि गंमत अशी, की जोवर ती खरी वाटत होती तोवर 'मला वाटतंय' हे शेतकऱ्याच्या लक्षातही नव्हतं. त्याला समोर फक्त पान दिसत होतं. चूक उघडी पडली तेव्हा प्रथमच पान एकीकडे आणि पाहणारा एकीकडे झाला. कृष्णचंद्रांना सांगायचं आहे ते हेच.

कार्ल पॉपरचं 'लोगिक डेर फॉर्शुंग' व्हिएन्नात प्रसिद्ध झालं ते १९३४ ला. अमळनेर आणि व्हिएन्ना यांचं नातं आम्हाला ओढूनताणून जोडायचं नाही. पण वर्षं पाहा. जी मांडणी खोटी ठरू शकते तीच वैज्ञानिक, असं पॉपर सांगत होता. त्याच्यासाठी चूक म्हणजे पुढच्या मांडणीकडे जाण्याची पायरी. कृष्णचंद्र त्या पायरीवरच बसून राहतात. खोटं ठरलं म्हणजे झालं तरी काय, हे त्यांना आधी पाहायचं आहे.

१९३६ साली राधाकृष्णन आणि म्यूरहेड यांच्या संपादित ग्रंथात त्यांचा 'द कन्सेप्ट ऑफ फिलॉसॉफी' हा लेख आला. त्यात विचाराच्या चार पायऱ्या आहेत आणि विज्ञान पहिल्या पायरीवर. वस्तुस्थिती सांगणं हे विज्ञानाचं काम, ते त्यांना पूर्ण मान्य. आक्षेप आहे तो एका गृहीतकावर: वस्तू आहे म्हणजे ती जाणता आलीच पाहिजे आणि वापरता आलीच पाहिजे, हा जणू आपला हक्कच.

इथे आमचं त्यांच्याशी थोडं जमत नाही. प्रयोगशाळेतला माणूस पाहणाऱ्याला इतका विसरत नाही. मोजमापातली चूक किती, उपकरणाची किती, नजरेची किती, याचा तो हिशेब ठेवतो. पण तो हिशेब चूक कमी करण्यासाठी असतो. चुकणारा कोण, हे त्या वहीत येत नाही. तिथे कृष्णचंद्रांची बाजू आम्हाला भक्कम वाटते. त्यांचं इंग्रजी मात्र भयंकर आवळलेलं आहे, एकेक वाक्य तीनदा वाचावं लागतं. त्यामुळेच ते आपल्याकडे फारसे वाचले गेले नसावेत.

१९४९ साली ते वारले. त्यांचे निबंध मुलाने, गोपीनाथ भट्टाचार्यांनी, १९५६ आणि १९५८ मध्ये दोन खंडांत आणले. अमळनेरचं त्रैमासिक पुढे थांबलं, आणि १९७३ पासून पुणे विद्यापीठाच्या तत्त्वज्ञान विभागाने 'इंडियन फिलॉसॉफिकल क्वार्टर्ली' या नावाने त्याची नवी मालिका सुरू केली.