वहिवाटीची वाट आणि कायद्याची वाट

गावातली पायवाट कोणी बांधली, असे विचारले तर उत्तर मिळत नाही. ती पायांनीच पडलेली असते. कोणती वाट सर्वांची हे जुन्या गोव्यात माणसांना तोंडपाठ होते. अफोंसो मेशियाच्या १५२६ सालच्या फोरालमध्ये गावकरीचे रीतिरिवाज कागदावर आले, पण वाटांचा नकाशा काही आला नाही.

पुढे १८६७ चा पोर्तुगीज नागरी कायदा १८७० पासून गोव्यात लागू झाला. सार्वजनिक खर्चाने बांधलेले व राखलेले रस्ते आणि पूल त्याने सार्वजनिक मालमत्तेत धरले. हमरस्त्याला त्यामुळे नाव मिळाले. भाटातून तळीकडे जाणारी वाट मात्र वहिवाटीच्या भरवशावरच राहिली.

मुक्तीनंतर भारतीय कायदे आले आणि उपायांची संख्या वाढली. १९६६ साली दिवाणी प्रक्रिया संहिता लागू झाली. त्याच सालच्या मामलेदार कोर्टाच्या कायद्यामुळे शेतात जाणारी वहिवाटीची वाट अडली तर मामलेदाराकडे जाता येऊ लागले. कोमुनिदादीच्या जागेत अतिक्रमण झाले तर तिच्या प्रशासकाकडे तक्रार करता येते.

सार्वजनिक वाटेवर कोणी चिऱ्यांचा गडगा घातला तर सर्वांत जवळचा उपाय म्हणजे कार्यकारी दंडाधिकारी. फौजदारी प्रक्रिया संहितेचे १३३ वे कलम वकील नसलेल्यांनाही पाठ असायचे. १ जुलै २०२४ पासून त्याच्या जागी नागरिक सुरक्षा संहितेचे १५२ वे कलम आहे. अडथळा काढा, नाहीतर हजर राहून कारण सांगा, असा सशर्त आदेश त्याखाली निघतो. याच १३३ व्या कलमाचा आधार घेऊन १९८० साली सर्वोच्च न्यायालयाने रतलामच्या नगरपालिकेला बजावले होते, की पैसे नाहीत ही सबब चालणार नाही.

मी सरकारी कारकून. असे अर्ज बरेच पाहिले आहेत. ते कुठे अडतात, तेही पाहिले आहे. समोरचा माणूस म्हणतो, "ही वाट सार्वजनिक नव्हेच." त्याच्या म्हणण्याला विश्वासार्ह पुरावा दिसला, तर दंडाधिकाऱ्याला कारवाई थांबवावी लागते आणि हक्काचा निकाल दिवाणी न्यायालयाकडे जातो. तिथे ९१ वे कलम आहे. सार्वजनिक उपद्रवासाठी दावा लावायला पूर्वी अॅडव्होकेट जनरलची लेखी संमती लागे. १९७६ च्या दुरुस्तीनंतर न्यायालयाच्या परवानगीने कोणीही दोघे दावा लावू शकतात, स्वतःचे खास नुकसान झालेले नसले तरी.

म्हणजे उपाय आहेत. कमी पडतो तो पुरावा. १९६८ च्या जमीन महसूल संहितेनुसार सर्व्हेची नोंद उलट सिद्ध होईपर्यंत खरी मानली जाते. नकाशात वाट नसेल तर ती होती हे दाखवण्याची जबाबदारी चालणाऱ्यांवर येते. अशा वेळी जुने विक्रीपत्र कामी येते. त्यातल्या चतुःसीमेत "पूर्वेस वाट" असे दोन शब्द असले, तरी पुष्कळ. नाहीतर वयस्कर माणसांच्या साक्षी. आणि ही माणसे दरवर्षी कमी होत आहेत.

नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पाडकामाआधी १५ दिवसांची नोटीस सक्तीची केली, पण रस्ता, गल्ली, पदपथ यांवरील अनधिकृत बांधकामांना त्या संरक्षणातून वगळले. सार्वजनिक वाटेला कायदा किती मानतो, हे यावरून दिसते. मात्र ती वाट आहे, हे आधी कोणीतरी दाखवून द्यावे लागते.

म्हणून एक सुचवावेसे वाटते. गडगा उभा राहण्याची वाट पाहू नका. घरातली जुनी कागदपत्रे वाचून ठेवा, सर्व्हेच्या नकाशाची प्रत काढा, नकाशात नसलेल्या वाटांची यादी करून ग्रामसभेत मांडा आणि ती इतिवृत्तात आली की नाही ते पाहा. आजोबांच्या पिढीला याची गरज पडली नाही, कारण सगळा गाव साक्षीला होता. आज शेजारी बदलले, जमिनींचे मालक बदलले. आता गावाची आठवण कागदावर उतरवायला हवी.