सीमेवरची दारू आणि अपिलाचा न्याय

दारूच्या चोरट्या वाहतुकीची हकीकत सामान्यतः छापे आणि पाठलाग यांच्या अंगाने सांगितली जाते. तिची दुसरी बाजू अपील-न्यायालयांच्या दप्तरात आहे. गाडी अडविली गेली, बाटल्या सापडल्या, पंचनामा झाला, खालच्या न्यायालयाने शिक्षाही ठोठावली. इतके घडून गेल्यावर वरच्या न्यायालयाने नेमके काय पाहावयाचे? बिदर आणि कलबुर्गी या जिल्ह्यांना हा प्रश्न विशेष जवळचा आहे. कारण तेथे गुन्हा पुष्कळदा सीमारेषेतून जन्मास येतो.

१९५६ पूर्वी हे दोन्ही जिल्हे हैदराबाद राज्यात होते. निजामी अमदानीतील १३१६ फसलीचा आबकारी कायदा तेथे चालत असे. शिंदी व दारू यांच्या विक्रीचे मक्ते सरकार देई आणि त्यांतून खजिन्यात मोठा वसूल जमा होई. गुलबर्ग्याच्या पश्चिमेस लागून असलेला सोलापूर जिल्हा मात्र मुंबई राज्याचा. तेथे १९४९ चा दारूबंदी कायदा लागू होता व ६ एप्रिल १९५० पासून संपूर्ण दारूबंदी आली. आळंदकडून अक्कलकोटकडे जाणाऱ्या वाटेवर एका बाजूस परवान्याचे दुकान आणि दुसऱ्या बाजूस तुरुंग, अशी स्थिती निर्माण झाली. या कायद्यासंबंधी २५ मे १९५१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला. दारूबंदी करण्याचा राज्याचा अधिकार त्याने मान्य केला. परंतु मद्यार्कयुक्त औषधे व प्रसाधने यांवरील निर्बंध रद्द ठरविले. धोरण योग्य असले तरी त्याची मर्यादा न्यायालय तपासणार, हे त्याच वेळी स्पष्ट झाले.

१ नोव्हेंबर १९५६ च्या राज्यपुनर्रचनेने बिदर जिल्हा तीन राज्यांत वाटला गेला. उदगीर, अहमदपूर व निलंगा हे तालुके मुंबई राज्यातील उस्मानाबाद जिल्ह्यास जोडले गेले. जहिराबाद व नारायणखेड आंध्र प्रदेशाकडे गेले. भालकी, औराद, हुमनाबाद इत्यादी भाग म्हैसूर राज्यात राहिला. १९५९ साली मुंबईचा दारूबंदी कायदा मराठवाड्यासही लागू झाला. उदगीरचा माणूस ज्या रस्त्याने भालकीच्या सोयऱ्यांकडे जात असे, तो रस्ता आता दोन राज्यांचा आणि दोन कायद्यांचा झाला. माणसे तीच, बोली तीच; मात्र गाठोड्यातील वस्तूला नवा अर्थ आला.

पुढे म्हैसूर राज्याने १९६५ चा आबकारी कायदा केला. १९७३ साली राज्याचे नाव बदलल्यावर तोच कर्नाटक आबकारी कायदा म्हणून ओळखला जाऊ लागला. परवान्यावाचून दारूची वाहतूक करणे हा त्याच्या ३२ व्या कलमाखाली गुन्हा आहे. झडतीसाठी सामान्यतः मॅजिस्ट्रेटचे वॉरंट लागते. वॉरंट आणीपर्यंत आरोपी निसटेल अथवा पुरावा लपविला जाईल असे वाटल्यास ५४ व्या कलमान्वये अधिकाऱ्यास वॉरंटाशिवाय झडती घेता येते. परंतु आपल्या समजुतीची कारणे त्याने आधी लिहून ठेवली पाहिजेत.

याच अटीवर १९७९ साली सर्वोच्च न्यायालयात कर्नाटकातील एका अपिलाचा निकाल लागला. मोटारीत दारूच्या बाटल्या सापडल्याबद्दल अपीलकर्त्यास शिक्षा झाली होती. मोटार तपासण्यापूर्वी इन्स्पेक्टरने कारणांची कोणतीही नोंद केली नव्हती. न्यायमूर्ती फजल अली यांच्या निकालपत्राने ही झडती अधिकाराबाहेरची ठरविली व शिक्षा रद्द केली. ५३ व ५४ ही कलमे नागरिकाच्या स्वातंत्र्याचे मोलाचे संरक्षण आहेत, असे त्यात म्हटले आहे.

यावर सहज आक्षेप येतो. बाटल्या तर खऱ्याच होत्या. मग कागदावरच्या चार ओळींसाठी गुन्हेगारास का सोडावे? आक्षेप पोकळ नाही. टपालखात्यातील एका नोकराच्या अपिलात, १९७९ च्या कितीतरी आधी, सर्वोच्च न्यायालयानेच म्हटले होते की, झडती बेकायदा असली म्हणून सापडलेला माल पुराव्यातून बाद होतोच असे नाही. पुरावा अधिक काटेकोरपणे पारखावा, इतकेच. या दोन विचारांमधील ओढाताण आजही पुरती मिटलेली नाही. तथापि नोंदीची अट कोणासाठी आहे, हे विसरता कामा नये. माल सापडल्यावर कोणासही कारणे सुचतात. ती आधी लिहावी लागली म्हणजेच संशय आणि सूडबुद्धी यांतील फरक कळतो. ज्याच्या गाडीत काहीच सापडत नाही, त्याचा खटला न्यायालयात कधी येत नाही. त्याचे रक्षण या अटीनेच होते. जेथे रोजच्या बाजारहाटासाठी सीमा ओलांडावी लागते, तेथे असे निरपराध वाटसरू पुष्कळ असतात.

हक्क कागदावर असून भागत नाही. तो आवाक्यातही असावा लागतो. बिदरहून बंगळूरचे उच्च न्यायालय सुमारे ७०० किलोमीटर दूर. सत्र न्यायालयात अपील हरलेल्या मोटारचालकास पुढची पायरी परवडणे कठीणच होते. जुलै २००८ मध्ये गुलबर्ग्यास उच्च न्यायालयाचे फिरते खंडपीठ बसू लागले आणि २०१३ साली ते कायम झाले. त्याच्या आदल्या वर्षी, १ जुलै २००७ पासून, कर्नाटकाने अरक या स्वस्त देशी दारूची विक्री बंद केली होती. कायदा बदलला की चोरवाट बदलते. अपिलाची कसोटी मात्र तीच राहते.

खरा गुन्हेगार सुटावा असे कोणासच वाटणार नाही. परंतु त्याचा उपाय न्यायालयाने डोळेझाक करणे हा नव्हे. चार ओळी वेळेवर लिहिणारा अधिकारी हाच त्याचा सर्वांत सोपा उपाय आहे.