फिरत्या बुरुजाचा जनक : कॅप्टन कोल्स

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत युद्धनौकेच्या तोफा तिच्या दोन्ही कुशींत ओळीने मांडलेल्या असत. शत्रूवर नेम धरावयाचा तर तोफ नव्हे, अवघे जहाजच वळवावे लागे. ही शतकानुशतकांची अडचण ज्यांनी दूर केली, त्यांत ब्रिटिश आरमारातील कॅप्टन काऊपर कोल्स यांचे नाव अग्रभागी येते. परंतु त्यांचे चरित्र वाचताना आमचे मन त्यांच्या शोधापेक्षा त्यांच्या मृत्यूपाशीच अधिक घुटमळले.

कोल्स यांचा जन्म १८१९ चा. वयाच्या अकराव्या वर्षीच ते आरमारात दाखल झाले. क्रिमियाच्या युद्धात, १८५५ साली, अझोव्ह समुद्रातील टॅगनरॉगपुढे प्रश्न उभा राहिला तो उथळ पाण्याचा. मोठी जहाजे किनाऱ्याजवळ जाईनात. कोल्स यांनी रिकामी पिंपे एकत्र बांधून तराफा केला, त्यावर बत्तीस पौंडी तोफ चढविली आणि तो थेट माऱ्याच्या टप्प्यात नेला. ‘लेडी नॅन्सी’ हे त्या तराफ्याचे नाव. तोफ एक, पण मोक्याच्या जागी. आणि तिच्याभोवती चिलखत. या विचारातूनच पुढे फिरता बुरूज जन्मास आला. १८५९ साली त्यांनी त्याचे पेटंट घेतले. लोखंडी पत्र्यांचा हा गोल बुरूज परिघाखालील रुळांवर फिरे आणि त्याचा खालचा भाग डेकच्या पोटात सुरक्षित राही. अमेरिकेत एरिक्सन यांचा ‘मॉनिटर’ १८६२ साली लढला, तोही फिरत्या बुरुजाचाच. परंतु तो मधल्या खांबावर फिरे. दोघांचे मार्ग स्वतंत्र होते.

राणी व्हिक्टोरियाचे पती प्रिन्स अल्बर्ट यांनी या कल्पनेस पाठबळ दिले. ‘रॉयल सॉव्हरिन’ ही तीन मजली लाकडी युद्धनौका वरून कापून तिच्यावर चार बुरूज बसविण्यात आले, ते १८६४ साली. येथवर सारे ठीक होते. कोल्स यांना मात्र बुरुजांचे जहाज भर समुद्रात, शिडांवर चालवावयाचे होते. शिडे म्हणजे उंच डोलकाठ्या, आणि जड बुरुजांच्या जोडीस त्या आल्या म्हणजे तोल बिघडण्याचे भय. आरमाराचे मुख्य रचनाकार एडवर्ड रीड यांनी हे वारंवार सांगितले. परंतु ‘टाइम्स’सारखे वजनदार पत्र आणि पार्लमेंटातील पुष्कळ मंडळी कोल्स यांच्या बाजूची होती. अखेर आरमार खात्याने त्यांना आपल्या मनाप्रमाणे जहाज बांधण्याची मुभा दिली. जबाबदारी मात्र त्यांची व बर्कनहेडच्या लेअर्ड कंपनीची!

हेच ‘कॅप्टन’. त्याचे डेक पाण्यापासून आठ फूट उंच असावे अशी योजना होती. बांधकामात वजन सातशे टनांहून अधिक वाढले आणि ही उंची साडेसहा फुटांच्या आसपास आली. दीड फूट म्हणजे काय मोठेसे, असे किनाऱ्यावरच्या माणसास वाटेल. पण जहाज कलले असता ज्या क्षणी डेकची कड पाण्यात बुडते, तेथून त्याची सावरण्याची शक्ती झपाट्याने ओसरू लागते. ‘कॅप्टन’ची ही शक्ती एकवीस अंशांच्या कलानंतर घटू लागे, रीड यांच्या उंच डेकच्या ‘मोनार्क’ची चाळीस अंशांपर्यंत वाढत जाई. १८७० च्या उन्हाळ्यात ‘कॅप्टन’ची चाचणी झाली खरी, पण आकडेमोड पुरी होऊन तिचा अर्थ ध्यानात येण्यापूर्वी जहाज मोहिमेवर निघालेले होते. आरंभीच्या सफरींत त्याने वादळे उत्तम सोसली, हेही घातकच ठरले. विश्वास दुणावला.

६ सप्टेंबर १८७० रोजी ॲडमिरल मिल्न पाहणीस आले, तेव्हा कललेल्या बाजूच्या डेकवरून लाटा वाहत होत्या. तो प्रकार त्यांना रुचला नाही. संध्याकाळी ते आपल्या जहाजावर परतले. मध्यरात्रीनंतर स्पेनच्या फिनिस्टेरे भूशिरापाशी, वादळात, ‘कॅप्टन’ उलटले. सुमारे ४८० माणसे गेली. वाचली अवघी अठरा. जहाजाचे कप्तान बर्गॉइन गेले, आरमारमंत्री चिल्डर्स यांचा तरुण मुलगा गेला, आणि कोल्सही गेले. त्याच ताफ्यातील ‘मोनार्क’ त्या रात्री सुखरूप राहिले.

लष्करी न्यायालयाने निर्णयात स्पष्टच नोंदविले की, हे जहाज खात्यातील जाणकारांच्या मताविरुद्ध, लोकमताला मान देऊन बांधले गेले. कोल्स यांना केवळ हट्टी म्हणून मोडीत काढणे आम्हांस पटत नाही. स्वतःच्या जहाजावर स्वतः चढण्याइतका त्यांचा विश्वास प्रामाणिक होता. पण हिशेब करणारा एकटा आणि वाहवा करणारे शेकडो, असा प्रसंग आला म्हणजे पुढाऱ्यांनी कोणाचे ऐकावे, हा प्रश्न त्या ४८० जणांच्या वतीने विचारावाच लागतो.

बुरूज मात्र टिकला. मुंबई बंदराच्या रक्षणासाठी त्याच सुमारास ‘मॅगडाला’ आणि ‘ॲबिसिनिया’ या दोन युद्धनौका इंग्लंडात बांधल्या गेल्या. आराखडा रीड यांच्या पद्धतीचा, बुरूज कोल्स यांच्या धर्तीचे. प्रत्येकीवर दोन बुरूज व चार तोफा. बंदरातील कामासाठी शिडांची गरजच नव्हती. १८६८ च्या ज्या हबसाण मोहिमेवर मुंबईहून फौजा गेल्या, तिचीच आठवण या नावांत होती. मुंबईच्या पाण्यात त्यांनी तीस वर्षे काढली आणि १९०३ साली त्या विकल्या गेल्या.