पहिल्या बोलपटाचा अबोल नायक

इतिहासास एक वाईट खोड आहे. ज्या माणसानें कित्येक वर्षें एखादी कला गाजविली, त्याची आठवण तो ज्या एका प्रसंगीं अडखळला त्यावरूनच ठेवावयाची, ही ती खोड होय. मास्टर विठ्ठल यांच्या वाट्यास नेमकें हेंच आलें. त्यांचें नांव निघालें कीं, 'पहिल्या बोलपटाच्या ज्या नायकाला बोलतां येत नव्हतें तेच ना?' असें म्हणून मंडळी हंसतात. हें हंसणें कितपत न्याय्य आहे, हें पाहण्याचें आम्हीं योजिलें आहे.

विठ्ठल मूळचे रंगभूमीवरचे. लहानपणीं राजापूरकर नाटक मंडळींत कामें करून पुढें ते कोल्हापुरास बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनींत आले. तेथें 'कल्याण खजिना' (१९२४) या चित्रपटांत ते प्रथम पडद्यावर दिसले ते नर्तकीच्या वेषांत! नंतर मुंबईच्या शारदा फिल्म कंपनीनें १९२६ सालीं 'रतन मंजिरी'मध्यें त्यांस नायक केलें. तेथून पुढें तरवारीचे हात आणि साहसाच्या करामती यांवर त्यांचें नांव असें गाजलें कीं, लोक त्यांस भारताचे डग्लस फेअरबँक्स म्हणूं लागले.

या अभिनयास कमी लेखणें सोपें आहे. परंतु मूकपटांतील नटाजवळ शरीरावांचून दुसरें साधन कोणतें होतें? मजकूर सांगणाऱ्या पाट्या अनेकदां दोनतीन लिप्यांत असत. पण ज्यास एकही लिपि येत नसे, त्यासही नायकाचा आवेश समजत असे. मराठी नटाची तरवार पेशावरास जितकी कळे तितकीच मद्रासेसही कळे. त्या नटास प्रांत नव्हता, कारण त्यास भाषा नव्हती.

१९३१ सालीं हें सारें पालटलें. इंपीरियल फिल्म कंपनीचे अर्देशीर इराणी 'आलमआरा' हा बोलपट काढीत होते. नायकाच्या भूमिकेसाठीं मेहबूब यांचें नांव निघालें होतें. पण प्रेक्षक खेचणारा नट हवा म्हणून विठ्ठल यांची निवड झाली. ते शारदा कंपनी सोडून निघाले, तेव्हां कंपनीनें करारभंगाची फिर्याद केली. विठ्ठल यांचें वकीलपत्र बॅरिस्टर महंमद अली जीना यांनीं घेतलें आणि दावा जिंकून दिला. ज्या बोलपटानें पुढें त्यांची सद्दी संपविली, त्यांत काम करण्याचा हक्क त्यांनीं असा कोर्टांत झगडून मिळविला!

जवळून जाणाऱ्या आगगाड्यांचा आवाज ध्वनिमुद्रणांत येऊं नये म्हणून चित्रण बहुधा रात्रीं चाले. १४ मार्च १९३१ रोजीं गिरगांवांतील मॅजेस्टिक चित्रगृहांत खेळ लागला आणि गर्दी आवरावयास पोलिस बोलवावे लागले. मात्र संवादांची हिंदुस्थानी विठ्ठल यांच्या जिभेवर बसेना. म्हणून त्यांची भूमिका बराच वेळ गुंगींत असल्याची दाखविली, असें सांगतात.

आमच्या मतें हा दोष नटाचा नव्हे. 'आलमआरा'चें कथानक पारशी रंगभूमीवरच्या नाटकाचें. कोल्हापुरांत घडलेल्या नटास त्या रंगभूमीची उर्दू कोठून यावी? बोलपटाबरोबर पडद्यावर प्रथमच प्रांत आले आणि शरीरापेक्षां कंठास मान मिळूं लागला. पुढच्याच वर्षीं प्रभातच्या 'अयोध्येचा राजा'मध्यें नायक झाले ते गोविंदराव टेंबे, संगीत रंगभूमीवरचे नामांकित संगीतकार. आधींच्या युगांत ते मागें राहिले असते. नव्या युगांत विठ्ठल राहिले. विठ्ठल यांनीं मात्र काम सोडलें नाहीं. भालजी पेंढारकर यांच्या 'नेताजी पालकर' (१९३९) सारख्या मराठी ऐतिहासिक चित्रपटांत ते दिसत राहिले. १९६९ सालीं ते वारले.

'आलमआरा'ची एकही प्रत आज उपलब्ध नाहीं, आणि त्या काळच्या मूकपटांपैकीं अगदीं थोडे उरले आहेत. म्हणजे त्यांचा पराक्रम पाहण्याचें साधन जवळपास नाहींसें झालें आणि फजितीची आख्यायिका तेवढी मागें राहिली. ज्या नटाचें काम आपण पाहिलेंच नाहीं, त्याचा निवाडा एका ऐकीव गोष्टीवरून करूं नये, एवढेंच आमचें म्हणणें आहे.