मुक्या पडद्यावरची वानरलीला

पेशवाईत पवार सरदारांबरोबर आपली घराणी माळव्यात आली. कुणी धारला राहिले, कुणी देवासच्या थोरल्या वा धाकट्या पातीत. तेव्हापासून आपण घरात मराठी आणि बाजारात हिंदी-माळवी बोलतो. मराठी फार्सातला विनोद शेजाऱ्यांना समजावून सांगावा लागतो. मूकपटाला ती अडचण नव्हती.

३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमात दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' लागला. पुढे 'मोहिनी भस्मासुर'च्या जोडीला त्यांनी 'पिठाचे पंजे' हा छोटा विनोदी पट दाखवला. आपल्या कीर्तनकारांप्रमाणे तेही भक्तीबरोबर हसवणे विसरले नाहीत.

१९१७ साली 'लंकादहन' आला. राम आणि सीता या दोन्ही भूमिका अण्णा साळुंक्यांनी केल्या, तर हनुमान झाले गणपत शिंदे. फाळके जादूचे प्रयोगही करीत. कॅमेऱ्याच्या करामतींना त्या हातचलाखीची मदत झाली. झाडावरचा वानर, त्याची शेपटी आणि राक्षसांची त्रेधा समजायला मराठी यावे लागत नाही की हिंदी. हात जोडणारा आणि हसणारा प्रेक्षक एकच असतो.

त्या काळची नायट्रेट फिल्म चटकन पेट घेई. 'लंकादहन'चा आज थोडासाच भाग उरला आहे. म्हणून आमची विनंती: वाड्यातल्या जुन्या पेट्यांत सिनेमाचे एखादे हस्तपत्रक किंवा छायाचित्र सापडले, तर ते रद्दीत घालू नका; मंडळाला दाखवा.